येत नाही, करत नाही, करू देत नाही

दिव्यांग प्रमाणपत्रासाठी मुलाला घेऊन आलेल्या आईला विचारल्या जाणाऱ्या प्रश्नांत एक अगदी साधा प्रश्न असतो: मुलगा स्वतःच्या हातानं जेवतो का? बऱ्याचदा उत्तर येतं, ‘भरवावं लागतं.’ विचारणारा रकान्यात खूण करतो आणि पुढच्या प्रश्नाकडे वळतो. पण त्या ‘भरवावं लागतं’च्या पोटात तीन निरनिराळ्या गोष्टी असू शकतात. मुलाला घास उचलून तोंडापर्यंत नेताच येत नाही, ही पहिली. त्याला ते येतं, पण ताट समोर आलं की लक्ष पंख्याकडे जातं आणि हात तसाच राहतो, ही दुसरी. तिसरी अशी, की त्याला येतं आणि तो जेवेलही, पण सांडतो, अर्धा तास लावतो, सासूबाई बोलतात, शाळेची रिक्षा दारात उभी असते. म्हणून आईच भरवून मोकळी होते. बोलताना आपण या तिन्हींना वेगळे शब्द वापरतो: येत नाही, करत नाही, करू देत नाही. मोजपट्टीवर मात्र तिन्हींना एकच शून्य मिळतं. विकासात्मक अक्षमता असलेल्या माणसांच्या दैनंदिन कौशल्यांवर गेल्या नव्वदेक वर्षांत जे काम झालं, ते या तीन शब्दांपाशी धरून वाचलं तर त्याचा अर्थ नीट लागतो, आणि आपल्याकडे गाडं नेमकं कुठे अडलं आहे तेही दिसतं.

या कौशल्यांना पुस्तकात ‘अनुकूली वर्तन’ म्हणतात. विशेष शाळेतल्या बाई ‘एडीएल’ म्हणतात, पालक ‘स्वतःचं स्वतः करणं’ म्हणतात. दात घासण्यापासून सुट्टे पैसे मोजण्यापर्यंत, रस्ता ओलांडण्यापासून अंगचटीला येणाऱ्या माणसाला ‘नको’ म्हणण्यापर्यंत सगळं यात येतं. बुद्धिमापन चाचणी अनोळखी खोलीत, अनोळखी माणसासमोर तासभरात मुलाला जास्तीत जास्त काय जमतं ते पाहते. अनुकूली वर्तनाची मापनश्रेणी याच्या उलट वाटेनं जाते. मुलाला ओळखणाऱ्या माणसाला ती विचारते, की तो रोज, न सांगता, साधारणपणे काय करतो. क्षमतेपेक्षा सवय मोजायची हे इथे जाणूनबुजून ठरवलेलं आहे, आणि ते बरोबरही आहे. ज्याला शर्टाची बटणं लावता येतात पण जो ती कधी लावत नाही, त्याचं आयुष्य बटणं न येणाऱ्यापेक्षा फारसं वेगळं नसतं. प्रश्न एवढाच, की ही सवय कोणाची मोजली जाते? मुलाची, की घराची?

गंमत अशी, की बुद्ध्यंकाला वेसण घालणारी ही कल्पना बुद्ध्यंकाच्याच माहेरी जन्मली. अमेरिकेतल्या न्यू जर्सीमधल्या व्हाइनलँड इथल्या प्रशिक्षण शाळेत हेन्री गोडार्ड यांनी १९०८ साली बिनेची बुद्धिमापन चाचणी युरोपातून आणली आणि पुढे माणसांची बुद्धीवरून प्रतवारी लावण्याचा सपाटाच लावला. त्याच संस्थेत नंतर संशोधनप्रमुख झालेल्या एडगर डॉल यांनी १९३५ साली व्हाइनलँड सामाजिक परिपक्वता श्रेणी प्रसिद्ध केली. डॉल यांचं म्हणणं सरळ होतं: माणूस समाजात स्वतःचं किती निभावून नेतो हे पाहिल्याशिवाय त्याला मंदबुद्धी ठरवू नये. १९४१ साली त्यांनी सहा निकष मांडले, त्यांत सामाजिक असमर्थता पहिली होती. त्याच यादीत ही अवस्था मुळात बरी न होणारी आहे, असाही निकष त्यांनी घातला होता. पुढच्या व्याख्यांनी तो काढून टाकला. डॉल यांच्या श्रेणीत ११७ बाबी होत्या, वयाच्या पायऱ्यांवर रचलेल्या. त्यांतली एक बाब आठ-नऊ वर्षांच्या पायरीवर बसते: मूल सांताक्लॉज खरोखरचा नाही असं म्हणू लागतं. दुसरी आहे, पावावर पसरण्यासाठी सुरी वापरणं. श्रेणी कोणत्या स्वयंपाकघरात बसून लिहिली गेली हे सांगायला या दोन बाबी पुरेत.

आपल्याकडे ही श्रेणी नागपूरमार्गे आली. नागपुरात काम करणाऱ्या ए. जे. मॅलिन यांनी तिचं भारतीय रूप तयार केलं. पंधरा वर्षांपर्यंतच्या ८९ बाबी, खाणं, कपडे, बोलणं, फिरणं, कामधंदा, मिसळणं अशा आठ गटांत. उत्तरांवरून ‘सामाजिक वय’ काढायचं, त्याला खऱ्या वयानं भागून शंभरानं गुणायचं, की सामाजिक गुणांक मिळतो. स्वस्त, सुटसुटीत, साहित्य लागत नाही, अर्ध्या तासात होते. त्यामुळे सरकारी रुग्णालयाच्या बाह्यरुग्ण विभागापासून तालुक्याच्या शिबिरापर्यंत ती रुळली. तिच्या मर्यादाही याच सुटसुटीतपणातून येतात. पंधराव्या वर्षी शिडी संपते. तिशीतल्या माणसाचं वय त्याच शिडीवर मोजायचं, तेव्हा नोकरी, लग्न, मतदान, आजारी आईची काळजी या मोठेपणाच्या गोष्टींना तिथे जागाच नसते. आणि भागाकारानं काढलेला गुणांक सहाव्या वर्षी आणि चौदाव्या वर्षी एकाच अर्थाचा असेल याची खात्री देता येत नाही. पाश्चात्त्य देशांत म्हणूनच अशी गुणोत्तरं मागे पडली आणि समवयस्कांशी तुलना करणारे प्रमाणित गुण आले.

डॉल यांचा मुद्दा व्याख्येत शिरायला पाव शतक गेलं. अमेरिकेतल्या या क्षेत्राच्या मुख्य संघटनेच्या पुस्तिकेत रिक हीबर यांनी १९५९ ते १९६१ या काळात अनुकूली वर्तनाला बुद्ध्यंकाच्या शेजारी आणून बसवलं. पण त्याच पुस्तिकेत बुद्ध्यंकाची रेषा ८५वर होती. घंटाकार आलेखाच्या हिशेबानं लोकसंख्येतला जवळजवळ सहावा हिस्सा त्या रेषेखाली येतो. १९७३ साली रेषा ७०वर आणली आणि तो हिस्सा दोन-अडीच टक्क्यांवर आला. एका आवृत्तीनं एवढी माणसं बरी करणं कुठल्याही औषधाला जमलेलं नाही! त्याच वर्षी जेन मर्सर यांचं कॅलिफोर्नियातल्या रिव्हरसाइड शहराच्या पाहणीवरचं पुस्तक आलं. बुद्ध्यंकानं ‘मंद’ ठरलेली कितीतरी कृष्णवर्णीय आणि मेक्सिकन वंशाची माणसं घरी, कामावर, गल्लीत सुरळीत वावरत होती, असं त्यात दिसलं. शाळेच्या सहा तासांपुरतंच मतिमंद असलेलं मूल, हा वाक्प्रचार त्याच सुमाराला अमेरिकेत रूढ झाला. यानंतर माप हळूहळू उलटं फिरलं. त्याच संघटनेच्या १९९२च्या व्याख्येत दहा कौशल्यक्षेत्रं आली, २००२ साली ती संकल्पनात्मक, सामाजिक आणि व्यावहारिक अशा तीन खणांत बसवली गेली. २०१३ साली आलेल्या डीएसएम-५ या मनोविकारांच्या निदानपुस्तिकेनं तर सौम्य, मध्यम, तीव्र ही पायरी बुद्ध्यंकावरून ठरवणं सोडलं. ती अनुकूली वर्तनावरून ठरवावी, कारण माणसाला किती आधार लागेल हे त्यावरूनच कळतं, असं तिचं म्हणणं.

व्याख्या सुधारली म्हणजे समज सुधारली असं मात्र नव्हे. अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयानं २००२ साली बौद्धिक अक्षमता असलेल्यांना फाशी देण्यास मनाई केली, आणि तेव्हापासून तिथल्या कोर्टांत अनुकूली वर्तनावर अक्षरशः जिवाच्या बाजीनं वाद चालतात. टेक्सासच्या न्यायालयानं बॉबी मूर या कैद्याच्या बाबतीत तो गवत कापायचा आणि पैसे लावून पूल खेळायचा हे त्याच्या क्षमतेचे पुरावे म्हणून मोजले. २०१७ साली सर्वोच्च न्यायालयानं ते फेटाळलं: एका हाताला जे जमतं ते दुसऱ्या हाताला न जमणाऱ्याच्या खात्यातून वजा करता येत नाही. टेक्सासचा हा निर्णय तिथल्याच ज्या जुन्या निकालावर उभा होता, त्यात एका कादंबरीतल्या लेनी नावाच्या पात्राला नमुना धरलं होतं. न्यायालयाला कादंबरी लागावी, यातच सगळं आलं. सामान्य माणसाच्या मनातलं ‘असं मूल’ नेहमी एकरंगी असतं. प्रत्यक्षातली माणसं खाचखळग्यांची असतात.

हे खाचखळगे कुठे पडतात याचा पुरावा आता भरपूर आहे. विल्यम्स सिंड्रोम असलेली मुलं गोडबोली, शब्दांना अडत नाहीत, कोणाशीही गप्पा मारतात. पण बटणं, भाजी चिरणं, रस्त्याचा अंदाज यांत त्यांची घसरगुंडी होते. डाउन सिंड्रोममध्ये बहुधा उलटं: बोलणं मागे, मिसळणं पुढे. ऑटिझममधली फट सगळ्यांत बोलकी आहे. डंकन आणि बिशप यांच्या २०१५च्या अभ्यासात साधारण किंवा त्याहून वरच्या बुद्ध्यंकाच्या किशोरवयीन ऑटिस्टिक मुलांपैकी जवळपास निम्म्यांची दैनंदिन कौशल्यं त्यांच्या वयाच्या आणि बुद्धीच्या मानानं बरीच मागे निघाली. जो मुलगा रेल्वेचं वेळापत्रक तोंडपाठ म्हणतो, तोच आंघोळीला कधी जायचं हे सांगावं लागेपर्यंत बसून राहतो. आपल्याकडे अशा मुलाला ‘नाटकं करतो, सगळं येतं त्याला’ हे ऐकावं लागतं. त्याचा बुद्ध्यंक चांगला, म्हणून मदतही नाही. आणखी एक निष्कर्ष पालकांपर्यंत फारसा पोचलेला नाही. अमेरिकेत मोठ्या झालेल्या ऑटिस्टिक माणसांचा माग ठेवणाऱ्या एका दीर्घ अभ्यासात दैनंदिन कौशल्यं विशीभर वाढत राहिलेली दिसली, तिशीच्या उंबरठ्यावर थांबली आणि पुढे उतरू लागली. म्हणजे अठराव्या वर्षी शाळा संपते तेव्हा शिकण्याचा काळ संपलेला नसतो. आपली बहुतेक व्यवस्था नेमकी तिथेच दार लावून घेते.

इथे आकड्यांबद्दल एक खुलासा हवा, कारण त्यापायी अनेक घरांत उगाच रडारड होते. पाच वर्षांपूर्वी गुणांक ५५ होता, आता ४८ आला, म्हणजे मूल मागे गेलं, असं पालक धरून चालतात. बहुधा तसं नसतं. मूल पुढेच गेलेलं असतं, पण त्याच्या वयाची इतर मुलं जास्त वेगानं पुढे गेलेली असतात, आणि गुणांक फक्त हे अंतर सांगतो. शिकलेल्या गोष्टींची यादी वाढत असताना गुणांक उतरू शकतो. पालकांच्या हातात म्हणून गुणांकापेक्षा ती यादी द्यायला हवी. चेन्नईत तयार झालेली मद्रास विकास कार्यक्रम पद्धती, १८ क्षेत्रं आणि प्रत्येकात २० बाबी अशी ३६० बाबींची, हेच करू पाहते. तिच्यातली प्रत्येक बाब मूल काय करतं या होकारार्थी वाक्यात लिहिलेली आहे आणि पुढची पायरी कोणती हे तिथेच दिसतं. विशेष शिक्षक तिच्यावर पाठ आखतात. प्रमाणपत्र मात्र गुणांकावर मिळतं.

आपला कायदा या बाबतीत कागदावर काळाच्या बरोबर आहे. १९९५च्या कायद्यात ‘मतिमंदत्वा’ची ओळख बुद्धीच्या कमतरतेवरून होती. २०१६च्या दिव्यांग व्यक्ती हक्क कायद्यानं बौद्धिक दिव्यांगत्वाच्या व्याख्येत दैनंदिन, सामाजिक आणि व्यावहारिक कौशल्यं बुद्धीच्या बरोबरीनं घातली. २०१८ साली आलेल्या मूल्यमापनाच्या मार्गदर्शक तत्त्वांनी आणखी पुढे जाऊन टक्केवारीच सामाजिक परिपक्वता श्रेणीच्या गुणांवर बांधली: २०पर्यंत १०० टक्के, २१ ते ३५ला ९०, ३६ ते ५४ला ७५, ५५ ते ६९ला ५० आणि ७० ते ८४ला २५. ही कोष्टकं कोरडी वाटतात, पण त्यांच्या शेजारी योजनांची कोष्टकं ठेवून पाहा. केंद्राचं इंदिरा गांधी राष्ट्रीय दिव्यांग निवृत्तिवेतन, महिना ३०० रुपये, दारिद्र्यरेषेखालच्या ८० टक्के वा अधिक दिव्यांगत्व असलेल्याला मिळतं. आयकराच्या सवलतीतही मोठी पायरी ८० टक्क्यांवर आहे. आरक्षणासह बहुतेक सवलतींचा उंबरठा ४० टक्के. आता ३५ गुणांवरचं मूल वर्षभर मेहनत करून संडासात स्वतः जायला आणि स्वतः कपडे घालायला शिकलं आणि ३६वर गेलं, तर ते ९० टक्क्यांवरून ७५वर येतं. ६९वरचं ७०वर गेलं, की ५०वरून २५वर, म्हणजे बहुतेक सवलतींच्या सावलीतूनच बाहेर. शिकण्याबद्दल दंड करणारी अशी पायरी कोणी मुद्दाम घातली असेल असं नाही, पण ती आहे. तपासणीला जाताना मुलाला मुद्दाम गबाळं नेणाऱ्या पालकाला लबाड म्हणण्याआधी हा हिशेब करून पाहायला हवा. तो पालक मोजपट्टीचा नियम आपल्यापेक्षा नीट समजलेला असतो.

आता घराकडे. २०११च्या जनगणनेत या गटाची स्वतंत्र नोंद पहिल्यांदा झाली, तेव्हा देशभरात सुमारे १५ लाख माणसं मोजली गेली. त्यांतली फार मोठी संख्या संस्थांत नसून घरांत राहते. म्हणजे त्यांची दैनंदिन कौशल्यं ही आपल्या घरांच्या रीतीत घडतात किंवा बिघडतात. आणि आपल्या घरांत एकूणच मुलांना लवकर स्वावलंबी करण्याची फारशी घाई नसते. धडधाकट मुलालाही पहिलीत जाईपर्यंत भरवणारी, दहावीत असताना ताट उचलू न देणारी घरं आहेत. मुलगा असेल तर स्वयंपाकघराशी त्याचा संबंध खाण्यापुरताच. अशा घरातल्या बौद्धिक अक्षमता असलेल्या मुलाला ‘चहा करता येतो का?’ विचारणं म्हणजे विहिरीपर्यंत कधी न नेलेल्याला पोहता येतं का विचारणं. उलट बाजूही आहे. सुरीनं लोणी पसरण्याची बाब आपल्याकडे निरर्थक आहे, पण वरण-भात कालवून बोटांनी घास बांधणं हे चमच्यानं खाण्यापेक्षा अवघड आणि जास्त नाजूक काम आहे. एका हातानं पोळीचा तुकडा तोडायचा तर अंगठा आणि दोन बोटांनी धरायचं आणि उरलेल्या बोटांनी दाबून ठेवायचं. सेरेब्रल पाल्सी असलेल्या अनेकांना हे वर्षानुवर्षं जमत नाही. याची नोंद घेणारी बाब परदेशी श्रेणीत कशी असणार? आपल्या मुलांची काही कौशल्यं म्हणजे आपल्याला न दिसणारी मिळकत आहे आणि काही उणिवा म्हणजे आपल्या घरांचं प्रतिबिंब.

करू न देणं हाच मोठा अडथळा आहे, याला पुरावा काय? सगळ्यांत ठसठशीत पुरावा १९७२ सालचा. अमेरिकेतल्या मार्क गोल्ड यांनी आश्रित कार्यशाळांतल्या ६४ मध्यम आणि तीव्र अक्षमता असलेल्या माणसांना सायकलचा पंधरा भागांचा ब्रेक जोडायला शिकवला. ही माणसं त्याआधी वर्षानुवर्षं पेनांना टोपणं लावण्यासारखी कामं करत होती, कारण त्यांना यापलीकडे जमणार नाही असं गृहीत धरलं होतं. गोल्ड यांनी कामाचे तुकडे पाडले, प्रत्येक भागाची समोर ठेवायची बाजू काही जणांसाठी लाल रंगवली, आणि तोंडी उपदेश जवळजवळ बंद केला. माणसं शिकली. त्यांचा बुद्ध्यंक होता तिथेच होता. दुसरा पुरावा इंग्लंड आणि वेल्समधल्या समूहनिवासांचा. १९८०च्या दशकापासून जिम मॅन्सेल, डेव्हिड फेल्स आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी तिथे ‘सक्रिय आधार’ नावाची पद्धत उभी केली. यात प्रशिक्षण अक्षम व्यक्तींना नव्हतं, कर्मचाऱ्यांना होतं: भाजी चिरून देऊ नका, रहिवाशाबरोबर चिरा, कपडे धुऊन देऊ नका, यंत्रात टाकायला त्याचा हात लागू द्या. नंतरच्या अभ्यासांत एवढ्यानं रहिवाशांचा घरकामातला सहभाग चांगलाच वाढलेला दिसला, आणि तीव्र अक्षमता असलेलेही त्यात होते. ज्याचं वर्तन मोजलं तो बदलण्याआधी त्याच्या भोवतीची माणसं बदलली.

शिकवण्याचं तंत्र गुप्त नाही. पायजम्याची नाडी घ्या. आपण ती न बघता बांधतो, त्यामुळे त्यात किती कामं आहेत हे विसरतो: दोन्ही टोकं शोधणं, सारखी ओढणं, फुली घालणं, एक टोक खालून काढणं, ताणणं, मग फास धरून दुसरा फास त्यातून ओढणं. शिकवणाऱ्या बाई शेवटापासून सुरुवात करतात. सगळं स्वतः बांधतात आणि शेवटचा फास ओढून घट्ट करणं तेवढं मुलाकडे ठेवतात. नाडी बसली, काम त्यानं पुरं केलं, आनंद त्याचा. तेवढं पक्कं झालं की आधीची पायरी त्याच्याकडे येते. याला उलटी साखळी म्हणतात. तीन महिने फासावरच अडलं, तर इलॅस्टिक लावून मोकळं व्हावं; कपडे घालता येणं हे ध्येय आहे, नाडी हे नाही. विस्कॉन्सिनच्या लू ब्राउन यांनी सत्तरच्या दशकात यासाठी एक कसोटी दिली, तिचा आशय असा: हे मूल ही गोष्ट शिकलं नाही, तर दुसऱ्या कोणाला ती त्याच्यासाठी करावी लागेल का? लागणार असेल तर शिकवा. मणी ओवणं, खुंट्या भोकात घालणं, चित्रातल्या सफरचंदाला रंग देणं या कसोटीवर कोसळतं. आणि आपल्या किती वर्गांत अजून तेच चालतं हे वेगळं सांगायला नको. कुकरच्या शिट्ट्यांचंही असंच. ज्याला तीनपर्यंत मोजता येत नाही त्याच्यासमोर तीन शेंगदाणे आणि एक वाटी ठेवता येते. शिट्टी झाली की एक दाणा वाटीत. दाणे संपले की गॅस बंद. त्याला अंक शिकवायचेच असतील तर ते दुसऱ्या वेळी शिकवावेत. भात आजच शिजायला हवा.

खरी मेख वेगळीच आहे. शाळेत शिकलेलं घरी उतरत नाही. स्टोक्स आणि बेअर यांनी १९७७ साली या प्रश्नावरचे प्रयोग तपासले तेव्हा बहुतेकांची पद्धत त्यांना एकच दिसली: शिकवायचं आणि पुढे आपोआप होईल अशी आशा धरायची. ते आपोआप होत नाही. शाळेतल्या पाश्चात्त्य संडासात शिकलेला मुलगा घरच्या भारतीय संडासापुढे गोंधळतो. प्लास्टिकच्या नाण्यांनी ‘दुकान’ खेळणारी मुलगी वाण्याच्या गल्ल्यापुढे, जिथे सगळे मोबाइलनं पैसे देतात, हातातली दहाची नोट कोणाला द्यायची हे विचारत उभी राहते. याचा सगळ्यांत कडू धडा मासिक पाळीच्या बाबतीतला. बाहुलीवर पॅड बदलायला शिकवलं तर ते स्वतःच्या शरीरावर नीट उतरत नाही, स्वतःवरच शिकवावं लागतं, हे १९९०च्या सुमारास प्रयोगानं दाखवलं गेलं होतं. म्हणजे शिकवता येतं, कसं शिकवायचं हेही ठाऊक होतं. तरी १९९४ साली शिरूरच्या शासकीय निवासी संस्थेतल्या मुलींची गर्भाशयं पुण्यातल्या एका मोठ्या सरकारी रुग्णालयात काढण्यात आली, आणि कारण दिलं गेलं ते हेच: त्यांना पाळीची स्वच्छता राखता येत नाही. स्त्री संघटनांच्या विरोधानंतर ते थांबलं. त्या वादात नीतीबद्दल भरपूर बोललं गेलं. पण ‘येत नाही’ हे विधान किती महिन्यांच्या शिकवण्यानंतर, कोणत्या पायऱ्यांवर केलं होतं, हा साधा प्रश्न मागे राहिला. न शिकवता ‘येत नाही’ म्हणायचं, आणि त्या ‘येत नाही’वर शस्त्रक्रिया करायची!

यावर आक्षेप आहेत आणि ते हलके नाहीत. पहिला आक्षेप अपंग हक्क चळवळीतून, विशेषतः ऑटिस्टिक व्यक्तींकडून येतो: स्वावलंबनाचं हे वेड कशासाठी? धडधाकट माणूस तरी कुठे स्वतःची दाढी, स्वयंपाक, विजेची जोडणी सगळं स्वतः करतो? सगळेच मिळून जगतात तेव्हा एकाच्याच परावलंबनाची टक्केवारी का काढायची? यातलं सत्य मान्य करावंच लागतं. ‘सामान्य दिसणं’ शिकवण्यासाठी मुलांना तासन्‌तास घोटून घेणाऱ्या पद्धतींनी इजा केली आहे. पण अनुकूली वर्तनाचा अर्थ एकटं सगळं करणं असा कधीच नव्हता. मदत कोणाकडे, कशी मागायची आणि नको असेल तर कशी नाकारायची, ही त्यातली सगळ्यांत वरची कौशल्यं आहेत. आणि ज्या गोष्टी माणूस एरवी दार लावून करतो, त्या दुसऱ्याच्या हातांवर सोपवाव्या लागणं याची किंमत फक्त लाजेत मोजायची नसते. संडास-आंघोळीला जितके परके हात लागतात, तितकी अत्याचाराची शक्यता वाढते.

दुसरा आक्षेप शिक्षकांचा: भांडी घासायला आणि चहा करायला शिकवत बसलो तर अक्षरओळख कधी होणार? गरिबाच्या मुलाला मोलमजुरी आणि श्रीमंताच्या मुलाला पुस्तकं, असली ही वाटणी होईल. हा धोका खरा आहे, आणि शिक्षण हक्काच्या काळात तर ‘यांना जीवनकौशल्यंच पुरेत’ हे वाक्य सामान्य शाळेचं दार बंद करायला सर्रास वापरलं जातं. माझ्या मते हा कौशल्यं आणि अक्षरं यांच्यातला वाद नसून वेळ वाया घालवण्याबद्दलचा आहे. बसची पाटी वाचणं हे वाचनही आहे आणि प्रवासही. औषधाच्या पट्टीवरची तारीख, वाण्याची यादी, शिट्ट्यांचे दाणे: अक्षर आणि अंक तिथे कामाला लागतात आणि म्हणून टिकतात. ज्या मुलाला सौम्य अक्षमता आहे आणि जे वाचू शकेल, त्याला वाचायला न शिकवणं हा अन्यायच. पण पंधराव्या वर्षी ‘अ अननसाचा’ सहाव्यांदा गिरवून घेणं हे शिक्षण म्हणवत नाही.

तिसरा आक्षेप आईचा, आणि माझ्या लेखी सगळ्यांत वजनदार. शर्ट घालायला त्याला चाळीस मिनिटं लागतात. तेवढ्यात डबा, धाकट्याची शाळा, सासऱ्यांची गोळी, स्वतःची नोकरी. त्याला गॅसजवळ नेलं आणि भाजलं तर बोलणी कोण खाणार? तज्ज्ञ सांगतात, ‘घरी सराव घ्या.’ घरी म्हणजे कोणी, हे ते सांगत नाहीत. करू न देणं हा नेहमी अज्ञानाचा प्रकार नसतो; कित्येकदा ती थकलेल्या बाईनं केलेली वेळेची काटकसर असते. १९७२ साली रॉबर्ट पर्स्के यांनी धोका पत्करण्याच्या प्रतिष्ठेबद्दल लिहिलं: चूक करायची मुभाच नसेल तर माणूस मोठा होत नाही. ते पटतं. पण हा धोका पत्करण्याचा खर्च एकट्या आईच्या खात्यावर टाकून ही प्रतिष्ठा मिळवता येणार नाही. म्हणून उपाय उपदेशात नाही, मनुष्यबळात आहे: सकाळच्या त्या एका तासाला घरी येणारा प्रशिक्षित सहायक, आठवड्यातून दोन दिवस पालकांना सुटका, शाळा संपल्यावर चालू राहणारं दिवसकेंद्र. निदान एवढं तरी ताबडतोब करता येईल: सगळ्या नाही, एकाच कामावर बोट ठेवायचं, आणि रविवारी, जेव्हा रिक्षा दारात उभी नसते, तेव्हा ते त्याच्याकडे सोडायचं. वर्षाला बावन्न सराव होतात.

मोजणीच्या बाजूनंही एक छोटी दुरुस्ती शक्य आहे. प्रत्येक ‘नाही’च्या पुढे आणखी एक रकाना: संधी दिली होती का? काही श्रेणींत ‘संधी मिळालेली नाही’ अशी खूण असतेही, पण आपल्या प्रमाणपत्राच्या गणितात तिला स्थान नाही. तो रकाना भरला तर ‘येत नाही’ ही उपचाराची बाब, ‘करत नाही’ ही सवयीची आणि ‘करू देत नाही’ ही घराला व व्यवस्थेला मदत पोचवण्याची बाब, असं वेगळं वेगळं दिसेल. शिवाय टक्केवारी आणि योजना यांच्यातली कडा बोथट करायला हवी. एखाद्या गुणानं निवृत्तिवेतन जात असेल, तर ते निदान काही वर्षं चालू ठेवायचा नियम करायला किती पैसे लागतील, असा?

हे सगळं मुलांचंच आहे असं वाटत असेल, तर डाउन सिंड्रोम असलेल्या मोठ्यांकडे पाहावं. ही माणसं आता साठीपर्यंत जगू लागली आहेत, आणि एकविसाव्या गुणसूत्राच्या जादा प्रतीमुळे त्यांच्या मेंदूत अल्झायमरच्या खुणा चाळिशीपर्यंत जवळजवळ सगळ्यांत तयार होतात. विस्मृतीची लक्षणं बहुधा पन्नाशीच्या आसपास उघड होतात. त्यांच्यावर नेहमीच्या स्मृतिचाचण्या नीट चालत नाहीत. म्हणून तिशी-पस्तिशीतच ती व्यक्ती रोज स्वतः काय काय करते याची नोंद करून ठेवावी आणि पुढे त्या यादीतून काय गळतं ते पाहावं, असं तज्ज्ञ सांगतात. जी बाई वीस वर्षं सकाळचा चहा स्वतः करत आली, तिनं एक दिवस पातेल्यात साखर आधी टाकली आणि पाणी विसरली, तर घरात लगेच कळतं. जिला गॅसजवळ कधी जाऊच दिलं नाही, तिचं काय हरवलं हे कोणाला कळणार?